चित्रसमीक्षेचा रकाना हवा

संपादक महोदय,

मुंबईच्या प्रोग्रेसिव्ह चित्रकारांचा विषय निघाला की एक आक्षेप ठरलेला असतो. सूझा, रझा, हुसेन, आरा यांना लायडेन, लांगहॅमर आणि श्लेसिंगर या युरोपातून आलेल्या तिघांनी डोक्यावर घेतलं, म्हणून ही चित्रकलाच उसनी! निदान रुडॉल्फ फॉन लायडेन यांच्यापुरता तरी हा आक्षेप मला पटत नाही.

हा बर्लिनचा माणूस भूगर्भशास्त्रात डॉक्टरेट मिळवलेला. कुटुंबात ज्यू वंशाचा धागा होता. हिटलर सत्तेवर आला त्याच वर्षी, १९३३ मध्ये, तो मुंबईत आला. पोटासाठी जाहिरातीचं काम केलं, व्यंगचित्रं काढली आणि ‘टाइम्स ऑफ इंडिया’त चित्रप्रदर्शनांवर लिहू लागला. के. एच. आरा तेव्हा लोकांच्या घरी कामाला होते, मोटारी धूत होते. त्यांची चित्रं लायडेन यांच्या नजरेत भरली आणि त्यांनी आरांना धीर दिला. १९४२ मध्ये आरांचं पहिलं स्वतंत्र प्रदर्शन भरलं. प्रोग्रेसिव्ह ग्रूप १९४७ चा, जहांगीर आर्ट गॅलरी तर १९५२ ची. म्हणजे गट नव्हता, गॅलरी नव्हती, तेव्हाही मुंबईच्या एका दैनिकात चित्रांवर गांभीर्याने लिहिलं जात होतं.

लायडेन यांची नजर युरोपात घडली होती, हे खरंच. पण ब्रश त्यांच्या हातात नव्हता. साळगावच्या सूझांना किंवा पंढरपुरात जन्मलेल्या हुसेनना काय रंगवायचं ते सांगायला कुणाची गरज होती, असं त्यांची चित्रं पाहून तरी वाटत नाही. शिवाय ज्याला फक्त पॅरिसचंच कौतुक, तो माणूस आपले जुने खेळायचे पत्ते, म्हणजे गंजिफा, कशाला जमवेल? लायडेन यांनी वर्षानुवर्षं त्या जमवल्या, अभ्यासल्या. १९८२ मध्ये लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियममध्ये भारतीय गंजिफांचं प्रदर्शन झालं, त्याचं पुस्तक त्यांचंच. आम्ही सावंतवाडीकर गंजिफांचा अभिमान मिरवतो, पण हे नाव आमच्यातही फारसं कुणाला ठाऊक नाही.

राहता राहिला प्रश्न आजचा. जहांगीरच्या भिंतींवर आठवड्या-आठवड्याला नवी चित्रं लागतात. आपल्याकडे छापून येतो तो उद्घाटनाचा फोटो, समई पेटवणाऱ्या पाहुण्यांसह. चित्र बरं की वाईट, आणि का, याबद्दल अवाक्षर नाही. तेव्हा विनंती एवढीच, की आठवड्यातून एक रकाना चालू प्रदर्शनांच्या समीक्षेला द्यावा, आणि तो लिहिणाऱ्याला वाईट चित्राला वाईट म्हणण्याची मुभा असावी.

आपला,
एक वाचक, सावंतवाडी