शब्दविचार : ‘प्रिव्ही’ आणि ‘खासगी’

आमच्या एका वाचक भगिनींनी पत्र पाठवून एक प्रश्न विचारला आहे. त्यांचे चिरंजीव महाविद्यालयात राज्यशास्त्र शिकतात. पाठ्यपुस्तकात ‘प्रिव्ही पर्स’ हा शब्द आला. ‘पर्स’ सर्वांस ठाऊक होती. ‘प्रिव्ही’पाशी गाडी अडली. घरातील इंग्रजी कोश उघडला, तो त्यात ‘शौचकूप’ असा अर्थ निघाला आणि घरभर हशा पिकला. भगिनी विचारतात, “हा शब्द मूळचा काय? आणि आपल्या मराठीत त्याला काय म्हणावे?”

प्रश्न विनोदातून उपजला असला तरी त्याचे उत्तर आपल्या राजवाड्याच्या दारापर्यंत येऊन पोहोचते. म्हणून या महिन्याचा लेख त्यालाच वाहिला आहे.

‘प्रिव्ही’ हे इंग्रजीतील जुने विशेषण होय. आजच्या इंग्रजीत ते एकटे फारसे वावरत नाही. ‘प्रायव्हेट’ या त्याच्या भावंडाने त्याची जागा केव्हाच घेतली आहे. दोघांचे मूळ एकच, लॅटिन भाषेतील ‘प्रिव्हातुस’. फरक एवढाच की ‘प्रायव्हेट’ हा शब्द विद्वानांनी थेट लॅटिनमधून उचलला आणि ‘प्रिव्ही’ हा जुन्या फ्रेंच भाषेतील लोकांच्या तोंडी झिजून मग इंग्रजीत उतरला. आपल्या व्याकरणाच्या परिभाषेत सांगायचे तर एक तत्सम आणि दुसरा तद्भव. ‘क्षेत्र’ आणि ‘शेत’ हे जसे एकाच घरचे, तसेच हे दोघे.

मूळ लॅटिन धातूचा अर्थ ‘वेगळे करणे, हिरावून घेणे’ असा आहे. इंग्रजीतील ‘डिप्राइव्ह’, म्हणजे वंचित करणे, हा शब्द त्याच कुळातला. रोमन लोकांत ज्याच्याकडे राज्याचे कोणतेही अधिकारपद नाही, जो सार्वजनिक कारभारापासून बाजूला आहे, तो ‘प्रिव्हातुस’. तेव्हा ‘सर्वांच्या व्यवहारातून वेगळे काढलेले’ हा ‘प्रिव्ही’चा गाभा. त्यातूनच ‘गुप्त’, ‘अंतःस्थ’, ‘स्वतःपुरते’ असे अर्थ फुटले. एखाद्या गुपितात जो सामील आहे त्याला इंग्रजीत आजही त्या गुपिताला ‘प्रिव्ही’ म्हणतात, आणि या एका वाक्प्रयोगापुरता शब्द अजून जिवंत आहे. शौचकूपाचा अर्थही याच वाटेने आला : एकांताची जागा, म्हणून ‘प्रिव्ही’. आपण ‘परसाकडे जाणे’ म्हणतो, त्यात परसाचा काय दोष? तसाच ‘प्रिव्ही’चाही नाही.

याखेरीज हे विशेषण टिकून राहिले ते राजदरबारी नावांत. राजाचे अंतःस्थ सल्लागार मंडळ ते ‘प्रिव्ही कौन्सिल’. राजाची खास मुद्रा ती ‘प्रिव्ही सील’. राजाची स्वतःची थैली ती ‘प्रिव्ही पर्स’. यांपैकी पहिले नाव आपल्या आजोबा-पणजोबांच्या पिढीला चांगले परिचयाचे होते, कारण हिंदुस्थानातील खटल्यांचे शेवटचे अपील लंडनला प्रिव्ही कौन्सिलपुढे चाले. लोकमान्य टिळकांना ताई महाराज प्रकरणात अखेरचा न्याय मिळाला तो १९१५ मध्ये तेथेच. हा अपिलाचा मार्ग १९४९ मध्ये बंद झाला आणि शब्दही आपल्या घरांतून निघून गेला.

उरली ‘प्रिव्ही पर्स’. इंग्लंडात या थैलीत पैसा येतो तो मुख्यतः लँकेस्टरच्या डचीतून, म्हणजे राजपदाकडे वंशपरंपरेने चालत आलेल्या एका वेगळ्या जहागिरीतून. तेथे थैली खरोखरच ‘प्रिव्ही’ आहे. राज्याच्या सामान्य तिजोरीपासून ती निराळी. आपल्याकडे मात्र हेच नाव वेगळ्या वस्तूला दिले गेले. संस्थाने विलीन झाली तेव्हा संस्थानिकांस दरसाल ठराविक रक्कम देण्याचे ठरले. २२ एप्रिल १९४८ च्या मध्य भारताच्या करारात ग्वाल्हेरच्या महाराजांस २५ लक्ष आणि इंदूरच्या महाराजांस १५ लक्ष रुपये अशी नेमणूक होती. पुढे घटनेच्या २९१ व्या कलमाने या रकमा भारताच्या संचित निधीवर टाकल्या आणि त्यांवर प्राप्तिकरही माफ केला. म्हणजे थैलीचे नाव ‘प्रिव्ही’, आणि तीत पडणारा पैसा सर्व प्रजेचा!

आपल्या मराठी वृत्तपत्रांनी या ठिकाणी मोठी समयसूचकता दाखविली असे आम्हांस वाटते. त्यांनी ‘प्रिव्ही’चे भाषांतर करण्याचा खटाटोप केला नाही. त्यांनी सरळ ‘संस्थानिकांचे तनखे’ असा शब्द योजला. तनखा म्हणजे सरकारने बांधून दिलेली नेमणूक. पैसा कोठून येतो आणि कोणाकडे जातो हे या एका शब्दात स्वच्छ दिसते. इंग्रजी नावात ते झाकले जाते. १९७० मध्ये राष्ट्रपतींच्या आदेशाने संस्थानिकांची मान्यता काढून घेण्यात आली, तेव्हा माधवराव शिंदे यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द ठरविला. मग १९७१ मध्ये घटनेची सव्विसावी दुरुस्ती होऊन तनखे कायमचे बंद झाले. आमच्या भगिनींच्या प्रश्नाचे एक उत्तर तेव्हा असे : भारतातील ‘प्रिव्ही पर्स’ला मराठीत ‘तनखा’ म्हणावे.

परंतु ‘प्रिव्ही’ या विशेषणाला नेमका प्रतिशब्द विचाराल तर तो ‘खासगी’. आणि हा शब्द इंदूरकरांस निराळा शिकवायला नको. राजवाड्याच्या परिसरात ज्याचे बालपण गेले त्याने तो मंदिर, घाट, धर्मशाळा यांच्या संदर्भात शेकडो वेळा ऐकला आहे. मात्र आज आपण त्याचा जो अर्थ करतो, तो होळकरांच्या दप्तरातला अर्थ नव्हे.

‘खास’ हा मूळचा अरबी शब्द. त्याचा अर्थ ‘विशेष, निवडून वेगळे ठेवलेले’. त्याच्या समोर उभा राहतो तो ‘आम’ : दिवाण-इ-खास आणि दिवाण-इ-आम ही जोडी सर्वांस माहीत आहे. फारसीच्या द्वारे तो मराठी राज्यकारभारात आला. बखरींतून ‘खासा स्वारी’ भेटते, म्हणजे प्रत्यक्ष धनी. ‘खासगी’ म्हणजे त्या धन्याच्या स्वतःच्या घराकडील : त्याचा खजिना, त्याची गावे, त्याची माणसे. पेशव्यांच्या घरचा असा कारभार पाहणारे ते ‘खासगीवाले’. हे आडनाव आजही पुण्यात आहे.

होळकरशाहीत या शब्दाला एक निश्चित तारीख आणि निश्चित कागद लाभला. मल्हारराव होळकरांचा सरंजाम फौजेसाठी होता. सरंजाम म्हणजे चाकरीचे वेतन. त्याचा हिशेब धन्याला द्यावा लागे आणि धनी तो काढूनही घेऊ शकत असे. एवढ्या कर्तबगार सरदाराच्या कुटुंबाचा भार अशा सरंजामावर कसा सोडावा? जानेवारी १७३४ मध्ये पहिल्या बाजीराव पेशव्यांनी मल्हाररावांच्या पत्नी गौतमाबाई यांच्या नावे वार्षिक सुमारे तीन लक्ष रुपये उत्पन्नाची जहागीर करून दिली. तीत महेश्वरासह माळव्यातील मुलूख होता आणि दक्षिणेतीलही काही गावे होती. हीच होळकरांची ‘खासगी’. तेथून पुढे होळकरांच्या घरात दोन खजिने झाले : राज्याची ती ‘दौलत’ आणि राणीची ती ‘खासगी’. दौलत धन्याकडे, खासगी थोरल्या बाईसाहेबांकडे. त्या काळी एका स्त्रीच्या नावे एवढे उत्पन्न आणि त्याचा स्वतंत्र कारभार असावा, ही गोष्ट इतिहासाच्या वाचकांनी थांबून पाहण्याजोगी आहे.

गौतमाबाई १७६१ मध्ये निवर्तल्या आणि खासगी अहिल्याबाईंकडे आली. पुढे १७६७ पासून १७९५ पर्यंत दौलतीचा कारभारही त्यांनीच पाहिला. दोन्ही किल्ल्या एकाच हाती आल्यावर दोन खजिन्यांतील भिंत पाडणे किती सोपे होते! अहिल्याबाईंनी ती पाडली नाही. काशीचे विश्वनाथ मंदिर, गयेचे विष्णुपद, सोमनाथ, ठिकठिकाणचे घाट, अन्नछत्रे आणि धर्मशाळा यांचा खर्च त्यांनी खासगीतून चालविला, अशी होळकरांच्या इतिहासाची साक्ष आहे. दौलतीचा पैसा फौजेचा आणि रयतेचा. पुण्यकर्म करायचे तर ते स्वतःच्या पैशाने करावे, हा त्यामागील विचार.

या संदर्भात एक आख्यायिका आपल्या घरोघरी सांगितली जाते. राघोबादादांनी बाईंच्या खजिन्यातून पैशाची मागणी केली. बाईंनी उत्तर पाठविले की या द्रव्यावर आम्ही तुळशीपत्र ठेवले आहे. आपण ब्राह्मण आहात, दान म्हणून घेणार असाल तर संकल्प सोडून देऊ. दादांना ते घेणे शक्यच नव्हते. गोष्ट अक्षरशः घडली असो वा नसो, तिचे सारे मर्म ‘खासगी’ या शब्दात आहे. द्रव्य बाईंचे स्वतःचे होते म्हणूनच त्यावर तुळशीपत्र ठेवण्याचा अधिकार त्यांना होता. आणि एकदा ते ठेवल्यावर ते बाईंचेही राहिले नाही.

येथे ‘प्रिव्ही’ आणि ‘खासगी’ यांच्या वाटा वेगळ्या होतात. कोशात दोन्हींचा अर्थ एक. पण इंदुरात ‘खासगी’ म्हटले की लोकांच्या डोळ्यांपुढे घाट, मंदिर आणि धर्मशाळा उभी राहते, जेथे कोणीही जावे. सर्वांपासून वेगळे काढलेले द्रव्य सर्वांसाठी खर्च होत गेले आणि शब्दाने तो संस्कार अंगावर घेतला.

शब्दाचा अर्थ ही केवळ कोशकारांची चिंता असती तर आम्ही येथेच थांबलो असतो. परंतु १९४८ मध्ये राज्य विलीन झाले आणि ‘खासगी म्हणजे कोणाचे?’ हा प्रश्न कायद्यापुढे आला. कराराच्या बाराव्या कलमान्वये संस्थानिकांनी आपल्या वैयक्तिक मालमत्तेची यादी सरकारला द्यावयाची होती. खासगी त्या यादीत बसेना. ठरले ते असे की खासगीची मालमत्ता आणि उत्पन्न मध्य भारत सरकारकडे जावे आणि त्याच्या बदल्यात सरकारने त्या धर्मादायांसाठी दरसाल २,९१,९५२ रुपये कायमचे राखून ठेवावे. १७३४ च्या जहागिरीचा आकडा आणि हा आकडा जवळजवळ सारखे आहेत, हा योगायोग मनोवेधक आहे. मात्र दोनशे चौदा वर्षांत रुपया किती लहान झाला होता हे सांगणे नलगे.

महाराज यशवंतराव १९६१ मध्ये निवर्तले. त्यांच्या कन्या महाराणी उषादेवी यांनी २७ जून १९६२ रोजी या धर्मादायांसाठी न्यासपत्र केले आणि त्याच्या नावातच ‘खासगी’ हा शब्द ठेवला. देशभर विखुरलेली २४६ स्थाने या धर्मादायांत मोडतात. त्यांपैकी काहींच्या विक्रीवरून पुढे वाद उत्पन्न झाला. ५ ऑक्टोबर २०२० रोजी मध्य प्रदेश उच्च न्यायालयाच्या इंदूर खंडपीठाने ही मालमत्ता राज्य शासनाची ठरविली आणि व्यवहारांच्या चौकशीचा आदेश दिला. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. तेथे २१ जुलै २०२२ रोजी निर्णय झाला की खासगी न्यास हा सार्वजनिक न्यास आहे. त्याने राज्याच्या सार्वजनिक न्यास कायद्याखाली नोंदणी करावी. पूर्वपरवानगीवाचून मालमत्ता हस्तांतरित करता येणार नाही. आणि पूर्वीच्या हस्तांतरणांत न्यासाचे नुकसान झाले की काय, हे न्यासांच्या निबंधकाने तपासावे. उच्च न्यायालयाने आर्थिक गुन्हे शाखेकडे सोपविलेली चौकशी मात्र रद्द झाली.

कोणत्या पक्षाचे म्हणणे कोठवर खरे, हा आमच्या लेखाचा विषय नाही. आमचे लक्ष शब्दाकडे आहे. ज्याचे नावच ‘खासगी’ ते ‘सार्वजनिक’ आहे, असे देशाच्या सर्वोच्च न्यायासनाने सांगितले. आजच्या मराठीपुरते पाहिले तर या वाक्यात वदतोव्याघात आहे. अठराव्या शतकातील मराठी ज्याला ठाऊक आहे त्याला त्यात काहीही विपरीत दिसणार नाही.

आज ‘खासगी’ म्हटले की आपल्याला सरकारीच्या विरुद्ध असलेले तेवढे आठवते : खासगी शाळा, खासगी दवाखाना, खासगी मोटार. सरकारी शाळेत आयुष्य घालविलेल्या आमच्यासारख्यांच्या कानावर तर हा भेद दररोज पडतो. इंदूरच्या मराठी मुलांची अडचण आणखी एक पायरी पुढची आहे. त्यांना हिंदीतील ‘निजी’ ठाऊक आहे, इंग्रजीतील ‘प्रायव्हेट’ ठाऊक आहे. ‘खासगी’ हे त्यांना एखाद्या संस्थेचे विशेषनाम वाटते. ते विशेषण आहे आणि त्याला अर्थ आहे, हे त्यांना कोणी सांगितलेले नसते. घराण्याचे जुने कागद मोडीत, शब्द अपरिचित, आणि त्यांवरचे निर्णय इंग्रजीत. अशा वेळी मालमत्तेचा वाद न्यायालय सोडवील. शब्दाची जपणूक मात्र त्या भाषेच्या घरांनाच करावी लागते.

तेव्हा भगिनींच्या चिरंजीवांस आमचे उत्तर असे : इंग्लंडच्या राजाची ‘प्रिव्ही पर्स’ ती ‘खासगी थैली’. भारतातील संस्थानिकांची ‘प्रिव्ही पर्स’ तो ‘तनखा’. आणि परीक्षा संपल्यावर एका संध्याकाळी आईला घेऊन राजवाड्यासमोरच्या बागेत अहिल्याबाईंच्या पुतळ्यापाशी जावे, आणि ‘खासगी’ या शब्दाचा तिसरा अर्थ तिच्याकडून ऐकून घ्यावा.

आमच्या वाचकांपैकी पुष्कळांच्या घरी होळकरशाहीतील सनदा, पावत्या वा पत्रे असतील. त्यांत ‘खासगीकडून’, ‘खासगीपैकी’ असे शब्दप्रयोग आढळल्यास ते वाक्य उतरवून आमच्याकडे अवश्य पाठवावे. या सदरात त्यांचा यथावकाश विचार करू. पुढील महिन्यात ‘दौलत’ या शब्दाकडे वळण्याचा मानस आहे.