रकान्यात न मावणारी माणसे

कॅनडाच्या पूर्व किनाऱ्यावर अकादिया नावाचा एक मुलूख होता. सतराव्या शतकात तिथे स्थायिक झालेल्या फ्रेंच शेतकऱ्यांनी समुद्राला बांध घालून खाजणाची जमीन पिकाऊ केली. १७१३ च्या तहाने हा मुलूख इंग्रजांकडे गेला. बिनशर्त राजनिष्ठेची शपथ घेतली तर उद्या फ्रेंचांवरच शस्त्र धरावे लागेल, म्हणून ही माणसे ती घेईनात. अखेर १७५५ साली ग्राँ-प्रे गावच्या चर्चमध्ये पुरुषांना आणि मुलांना बोलावून जमीन व गुरे जप्त केल्याचा हुकूम वाचून दाखवला गेला. पुढच्या आठ वर्षांत दहा हजारांहून अधिक लोकांना गलबतांत भरून देशोधडीला लावले. त्यांनी परतू नये म्हणून घरेही जाळली.

जगाला ही कथा कळली ती अमेरिकन कवी लाँगफेलोच्या १८४७ मधल्या ‘इव्हँजेलिन’ या काव्यामुळे. त्याने अकादिया पाहिलेलाही नव्हता. त्याची नायिका प्रियकराला शोधत आयुष्यभर झुरते. परक्याची सहानुभूती खोटी नसते, पण तिला दुःखापलीकडचे सहसा दिसत नाही.

ते दिसले आंतोनीन माये या अकादियन लेखिकेला. न्यू ब्रन्सविकमधील बुकटूश या गावी १९२९ साली त्यांचा जन्म झाला. त्यांच्या ‘पेलाजी-ला-शारेत’ कादंबरीतली विधवा पेलाजी बैलगाडी जोडते आणि जॉर्जियातून मायभूमीकडे निघते. वाट दहा वर्षांची. वाटेत माणसे मरतात, मुले जन्मतात, भांडणे होतात, हशा पिकतो. गाडीबरोबर एक म्हातारा कथेकरीही असतो. धान्याइतकीच गोष्टही शिदोरीत हवी, हे पेलाजीच्या माणसांना ठाऊक आहे. या कादंबरीला १९७९ साली फ्रान्सचा गाँकूर पुरस्कार मिळाला. तो मिळवणाऱ्या माये या पहिल्या कॅनेडियन लेखिका.

त्याआधी १९७१ मध्ये त्यांची ‘ला सागुईन’ आली होती. लोकांच्या फरश्या पुसणारी ही म्हातारी शिरगणतीवाल्यापुढे अडते. राष्ट्रीयत्व काय सांगावे? अमेरिकन नाही, फ्रेंच नाही, आणि अकादियन म्हणावे तर तसा देशच नाही. बँकेत माझी उभी हयात अर्जांवरचे रकाने भरून घेण्यात गेली. त्यामुळे मला वाटते, माणसाला हद्दपार करायला नेहमी गलबतच लागते असे नाही. अर्जावर त्याच्यासाठी रकाना नसला तरी पुरते.

सागुईन बोलते ती बोली शहरी लोकांनी अडाणी ठरवली होती. मायेबाईंनी अकादियन लोकपरंपरा आणि सोळाव्या शतकातला राब्ले यांवरच डॉक्टरेट केली आणि दाखवून दिले, की फ्रान्समध्ये विरून गेलेले कितीतरी शब्द या कोळणींच्या तोंडी जिवंत आहेत. जप्तीच्या हुकुमाला तेवढे जप्त करता आले नव्हते.

२००३ साली कॅनडात राजघोषणा होऊन या हद्दपारीची अधिकृत कबुली दिली गेली आणि २८ जुलै हा स्मरणदिन ठरला. कबुली हवीच. पण ती यायला अडीचशे वर्षे लागली. तोवर हे लोक ‘लोक’ म्हणून टिकले ते चुलीपाशी सांगितलेल्या गोष्टींवर. मायेबाई फेब्रुवारी २०२५ मध्ये गेल्या. आपल्या घरातली म्हातारी माणसे तीच ती गोष्ट पुन्हा सांगू लागली, की आपण दूरदर्शन संचाचा आवाज वाढवतो. तो जरा कमी करावा.