सोळाव्या वर्षी टॉपर, पुढे काय?

बॉस, एक सरळ प्रश्न. सोळाव्या वर्षी तुम्ही काय करत होतात? अकरावीचा क्लास, कट्ट्यावर कटिंग आणि घरी ‘अभ्यास चाललाय’ची थाप. बरोबर ना? आपलंही तेच.

आता चला ब्युनॉस आयर्सला. ऑक्टोबर २०१८, युवा ऑलिंपिक. पंधरा ते अठरा वर्षांच्या पोरापोरींचा हा मेळा. अर्जेंटिना आपल्या साडेआठ तास मागे, त्यामुळे तिथली संध्याकाळ म्हणजे आपली मध्यरात्र. आपण गाढ झोपेत असताना तिथे भारताची ही टीम फुल्ल फॉर्मात होती.

खातं उघडलं आपल्या महाराष्ट्राच्या तुषार मानेनं. दहा मीटर एअर रायफलमध्ये रौप्य. मग मिझोरमच्या जेरेमी लालरिनुंगानं २७४ किलो उचलले आणि युवा ऑलिंपिकमधलं भारताचं पहिलंवहिलं सुवर्ण आणलं. वय वर्षं फक्त पंधरा! पाठोपाठ एअर पिस्तुलात मनू भाकर आणि सौरभ चौधरी, दोघांनाही सुवर्ण. बॅडमिंटनमध्ये लक्ष्य सेन फायनलपर्यंत पोचला. फाइव्ह-अ-साइड हॉकीत मुलं आणि मुली दोन्ही टीम फायनलला धडकल्या. तिथे मुलांना मलेशियानं हरवलं, मुलींना यजमान अर्जेंटिनानं.

एकूण हिशेब: ३ सुवर्ण, ९ रौप्य, १ कांस्य. म्हणजे १३ पदकं. त्याआधी २०१० ला सिंगापूरमध्ये ८ होती, २०१४ ला नानजिंगमध्ये जेमतेम २, आणि सुवर्ण दोन्हीकडे शून्य. सही ना?

पण खरी गंमत पुढेच आहे. टोकियोत, २०२१ मध्ये, ऐन पात्रता फेरीत मनूचं पिस्तूल बिघडलं आणि फायनल थोडक्यात हुकली. लोकांनी लगेच टीकेचा भडिमार सुरू केला. सौरभ त्याच ऑलिंपिकच्या पात्रता फेरीत पहिला आला, फायनलला मात्र सातवा. २०२४ च्या पॅरिसच्या टीममध्ये तो नव्हताच. जेरेमीनं २०२२ ला बर्मिंगहॅमच्या कॉमनवेल्थमध्ये सुवर्ण जिंकलं, पण पॅरिसचं तिकीट काही मिळालं नाही. लक्ष्य पॅरिसमध्ये चौथा आला. पदक एका मॅचवर राहिलं. आणि मनू? तिनं त्याच पॅरिसमध्ये दोन कांस्यपदकं घेतली, एक एकटीनं आणि एक सरबजोत सिंगबरोबर. ऑलिंपिक पदक मिळवणारी ती पहिली भारतीय महिला नेमबाज.

एकच विमान, एकच जर्सी, पण पुढचे रस्ते पाहा किती वेगळे. यात कोण पास आणि कोण नापास, हे ठरवणारे आपण कोण? आपलं तर एक अप्रेझल खराब गेलं तरी महिनाभर तोंड पाडून बसतो. कॅम्पसमधून सगळ्यात मोठं पॅकेज घेऊन निघालेला आपला एक मित्र पाच वर्षांत दोनदा बेकार झाला. ग्रुपवर त्याच्यावर जोक फिरले, आणि खोटं कशाला बोलू, फॉरवर्ड करणाऱ्यांत मीही होतो. मनूची टोकियो ते पॅरिस ही तीन वर्षं आठवली की त्या जोकची लाज वाटते. त्या तीन वर्षांत तीही कोणाच्या तरी मोबाइलवर जोकच होती.

डकारचं युवा ऑलिंपिक २०२२ ला व्हायचं होतं, कोरोनामुळे ते २०२६ वर ढकललं गेलं. तिथेही कुणी तरी पंधरा वर्षांचा पोरगा पोडियमवर उभा राहील आणि आपण ‘भावी ऑलिंपिक चॅम्पियन’ म्हणून स्टेटस टाकू. टाकाच, बिनधास्त. फक्त पुढचे कॅलेंडर बदलत गेले आणि तो कुठे मागे पडला, तर तेच स्टेटस त्याच्या तोंडावर फेकू नका.

आणि हो, या शनिवारी मी त्या मित्राला फोन करतोय. ‘सध्या काय करतोस?’ हे सोडून बाकी सगळं विचारणार आहे.