भाषापंडितांचा मुलगा, मुलांचे चाचा

अरबी म्हटलं की आपल्या घरांत आवाज आपोआप खाली येतो. ती कुरआन शरीफची, नमाजची भाषा. त्याच भाषेत कोणी भाजी घेताना घासाघीस करत असेल, शेजाऱ्याची थट्टा करत असेल, हे चटकन डोळ्यांपुढे येत नाही. इजिप्तच्या एका विनोदी नटाबद्दल आम्ही वर्गात सांगितलं, तेव्हा एका मुलाने विचारलंच, "अरबीत जोक असतात?"

असतात. आणि ते सांगणाऱ्यांत फार वरचं नाव फुआद अल-मुहन्दिस यांचं. जन्म कैरोचा, ६ सप्टेंबर १९२४. वडील जकी अल-मुहन्दिस हे अरबीचे मोठे विद्वान, दारुल उलूमचे अधिष्ठाता आणि कैरोच्या अरबी भाषा अकादमीतलं मानाचं नाव. म्हणजे व्याकरणाच्या घरातला मुलगा. शिकला वाणिज्य, आणि ओढ लागली नाटकाची. नजीब अर-रीहानी हे त्या काळचे थोर विनोदी नट. त्यांना फुआद यांनी उस्ताद मानलं. पुढे लोक फुआद यांनाच 'अल-उस्ताज' म्हणू लागले.

या घराण्याचं रेडिओशी नातं मात्र एकट्या फुआद यांचं नव्हे. बहीण सफिया हिने गृहिणींसाठीचा कार्यक्रम वर्षानुवर्षं चालवला आणि १९७५ मध्ये ती इजिप्तच्या रेडिओची प्रमुख झाली, त्या पदावरची पहिली स्त्री. तिचे पती मुलांच्या कार्यक्रमातले लाडके 'बाबा शारो'. मुलींना "नुसतं घर सांभाळ" म्हणणाऱ्या वडीलधाऱ्यांनी या भाषापंडिताच्या घराकडे जरा पाहावं.

फुआद यांचं नाव घरोघरी पोचलं तेही रेडिओमुळेच. १९५० च्या दशकात 'साआ लि-कल्बक' म्हणजे 'एक तास तुमच्या मनासाठी' नावाचा विनोदी कार्यक्रम गाजत होता. त्यात ते महमूद नावाचा, भोळ्या बायकोपुढे जेरीस आलेला नवरा होत. रेडिओवर तोंड वाकडं करून हसवता येत नाही. शब्द कुठे तोडायचा, कुठे श्वास रोखायचा, एवढंच हाताशी. ही तालीम त्यांना जन्मभर पुरली. सिनेमेही त्यांनी पुष्कळ केले. आमच्या मते त्यातले बरेचसे विसरले तरी चालतील.

विसरू नये असा कार्यक्रम म्हणजे 'किलमितैन व बस', अर्थात 'दोनच शब्द'. सकाळचा, पाचेक मिनिटांचा, कित्येक वर्षं चाललेला. कचेरीतली टोलवाटोलवी, रस्त्यावरची बेपर्वाई, शेजाऱ्याच्या झोपेची पर्वा न करणारे लोक असे रोजचे विषय. शेवटी फुआद विचारत, "मुश किदा वल्ला एह?" म्हणजे, असंच आहे की नाही? हे लिहायचे अहमद बहजत. याच बहजत यांनी अंबियांच्या जीवनावर आणि कुरआनातल्या प्राण्यांच्या गोष्टींवर पुस्तकं लिहिली, आणि तीही लोकांनी तितक्याच आवडीने वाचली. दीनदार माणसाने हसवू नये असं मानणाऱ्यांनी याचं काय करावं, ते त्यांचं त्यांनी ठरवावं. या विनोदात माणसाच्या खोडीला चिमटा असे. आज मोबाइलवर तोतरेपणाची, रंगाची, लठ्ठपणाची नक्कल करून हशा मिळवतात, त्याच्या शेजारी हे ठेवून पाहावं.

संगीत नाटकांत त्यांचं सर्वांत गाजलेलं 'सय्यिदती अल-जमीला', १९६९ चं. मूळ गोष्ट बर्नार्ड शॉच्या 'पिग्मॅलियन'ची, 'माय फेअर लेडी'वरून अरबीत आलेली. तीच गोष्ट पु. ल. देशपांडे यांनी १९७५ मध्ये 'ती फुलराणी' म्हणून मराठीत आणली, आणि भक्ती बर्वे यांची मंजुळा आपल्याकडे अजून आठवली जाते. कैरोच्या नाटकात ती फुलवाली नाही, खिसेकापू आहे. नाव सदफा, भूमिका शुवैकार यांची. तिला अदब आणि बोलणं शिकवून बड्या लोकांत उभं करणारे गृहस्थ म्हणजे फुआद.

आम्ही भाषा शिकवतो, म्हणून इथे थोडं रेंगाळतो. अरबीत लिहायची, भाषणाची 'फुस्हा' वेगळी आणि घरात बोलायची 'आम्मिया' वेगळी. ज्याच्या वडिलांनी फुस्हाची राखण केली, तो मुलगा रंगमंचावर भाषा सुधारणारा मास्तर होतो आणि प्रेक्षक हसतात ते निम्मे त्या मास्तरच्या ताठ्यालाच! आमच्या वर्गातही घरून कोकणी किंवा दखनी घेऊन येणारी मुलं असतात. उर्दूच्या तासाला त्यांचा लहजा चुकीचा, मराठीच्या तासालाही चुकीचा. महिन्याभरात ती बोलायचीच थांबतात. प्रमाण भाषा शिकवावी लागतेच, आम्हीही शिकवतो. पण आईची बोली म्हणजे दुरुस्त करायची चूक आहे, असं त्या पोराला वाटलं तर ते घरी जाऊन अम्मीशी कोणत्या भाषेत बोलणार?

मुलांसाठी फुआद यांनी जे केलं ते उतारवयात. १९८५ चं 'हाला हबीबती' हे अनाथ मुलींचं गाण्यांनी भरलेलं नाटक, 'अ‍ॅनी'वर बेतलेलं. आणि रमजानमध्ये टीव्हीवर 'अम्मू फुआद', म्हणजे फुआद चाचा. इजिप्तमध्ये रमजानच्या रात्री 'फवाझीर' म्हणजे कोड्यांची जुनी रीत. आधी रेडिओवर, मग टीव्हीवर. नेली आणि शेरिहान यांची कोडी नाचगाण्यांची, झगमगाटाची. फुआद चाचांची कोडी खास बच्चेकंपनीसाठी. त्या पिढीतले इजिप्शियन आता स्वतः आईबाप झाले आहेत, आणि रमजान आला की चाचांची आठवण काढतात.

१६ सप्टेंबर २००६ रोजी फुआद अल-मुहन्दिस कैरोत वारले. बयासी वर्षं पूर्ण होऊन दहाच दिवस झाले होते, आणि रमजानचा चांद दिसायला साधारण आठवडा उरला होता.