फोटोतल्या बाईचं नाव काय?

बाईचा फोटो काढण्याआधी तिला विचारावं, हे मला एम.एस.डब्ल्यू.च्या वर्गात कुणी शिकवलं नाही. तो प्रश्न मला पडला बेंगळुरूच्या पुष्पमाला एन. यांच्या कामामुळे. मूळच्या त्या शिल्पकार. पण नव्वदच्या दशकापासून त्या स्वतःच निरनिराळ्या बायकांचं सोंग घेऊन कॅमेऱ्यापुढे उभ्या राहतात.

छायाचित्रकार क्लेअर आर्नी यांच्यासोबत २००० ते २००४ या काळात त्यांनी एक मालिका केली, ‘नेटिव्ह विमेन ऑफ साउथ इंडिया : मॅनर्स अँड कस्टम्स’. नावच साहेबाच्या पुस्तकासारखं! त्यात राजा रविवर्म्याची लक्ष्मी आहे, सिनेमातली नटी आहे, आणि चोरीच्या आरोपाखाली पकडलेल्या बायकाही आहेत. पण मी अडकले ती चौकटींच्या पडद्यापाशी. मॉरिस पोर्टमन या ब्रिटिश अधिकाऱ्याने १८९०च्या दशकात अंदमानच्या आदिवासी स्त्री-पुरुषांना अशाच पडद्यापुढे उघडं उभं करून फोटो काढले होते. कशासाठी, तर शरीराची मापं घेता यावीत म्हणून. पुष्पमाला स्वतः तशा पडद्यापुढे उभ्या राहतात. सगळं मुद्दाम नाटकी. आधी हसू येतं, मग येत नाही.

माझा एक आक्षेप आहे. पुष्पमाला सोंग उतरवून घरी जाऊ शकतात. अंदमानच्या त्या बाईला ती सोय नव्हती. तरीही, दुसऱ्या कुणा बाईला पडद्यापुढे उभं न करता त्या स्वतः उभ्या राहिल्या, हे मला मोठं वाटतं. आपण कार्यकर्त्या तेवढं तरी करतो का?

काही वर्षांपूर्वी मी एका पारधी वस्तीवर काम करत होते. अहवालासाठी कॅमेरा वर केला, तर एका बाईने तोंड फिरवलं. म्हणाली, “ताई, ह्यो फोटू कंच्या ठाण्यात जानार?” माणसाला जन्मानेच गुन्हेगार ठरवणारा कायदा १८७१ साली आला, पुढे पारधीही त्यात ओढले गेले. १९५२ मध्ये कायदा गेला, पण तिच्या लेखी कॅमेरा पोलिसांचाच. मी तिला समजावलं आणि फोटो काढला. (समजावलं कसलं, गळ घातली.) खाली छापून आलं, ‘पारधी महिला’. बस्स.

पीडित बाईचं नाव छापायचं नाही, हा आपला नियम योग्यच आहे. पण नाव झाकून चेहरा मात्र छापायचा, हा कुठला न्याय? देणगीदारांना ‘आधी’चे रडके चेहरे हवे असतात, आणि आपण ते पुरवतो. माझं म्हणणं एवढंच, की फोटो कुठे जाणार ते आधी सांगावं, छापण्यापूर्वी तो तिला दाखवावा, एक प्रत तिच्या हातात द्यावी. नको म्हणाली तर तिला गळ घालू नये, मग अहवाल फोटोविना गेला तरी चालेल.

मैत्रिणींनो, तुमच्या गटात यावर काय ठरलंय? जरूर लिहा. मी त्या वस्तीवरच्या बाईला तिची प्रत द्यायला या महिन्यात जाणार आहे.