इनडोअर स्टेडियमचं खरं कोडं : पंखा लावायचा की नाही?

लातूर असो की नांदेड, 'बहुउद्देशीय इनडोअर स्टेडियम'चा विषय निघाला की चर्चा दोनच आकड्यांवर येते : किती कोटी आणि किती खुर्च्या. क्रीडा खात्याच्या रचनेत लातूर हे विभागाचं ठिकाण आहे आणि नांदेड त्याच विभागात येतं. म्हणजे इथला हॉल एका शहरापुरता राहत नाही. मला मात्र आधी विचारावंसं वाटतं ते हवेचं.

बॅडमिंटनचं शटल जेमतेम 4.74 ते 5.50 ग्रॅमचं. पंख्याचा झोत लागला की ते भलतीकडेच जातं. म्हणून खेळ चालू असताना पंखे बंद, खिडक्याही बंद. आता हेच मे महिन्यात करून पाहा. बाहेर 42 अंश, डोक्यावर साधा पत्रा. तो पत्रा संध्याकाळपर्यंत खाली उष्णता ओतत राहतो.

मग कूलर लावा ना! पण कूलर पितो पाणी, आणि 2016 साली ज्या लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावं लागलं, त्याला याची किंमत सांगायला नको. शिवाय कूलरची हवा दमट असते, आणि दमट हवेत लाकूड फुगतं. लाकडी फ्लोअर ही काही चैन नाही. युरोपच्या ईएन 14904 मानकानुसार खेळाच्या फ्लोअरने आदळण्याचा किमान 25 टक्के धक्का जिरवायला हवा. नुसतं काँक्रीट हा धक्का गुडघ्यांना परत देतं.

उपाय छतात आहे. व्हॉलीबॉलला 7 मीटर मोकळी उंची लागते, बॅडमिंटनच्या मोठ्या स्पर्धांना सुमारे 12. उंच छताखाली गरम हवा खेळाडूंच्या बरीच वर साठते. तिला बाहेर काढायला माथ्याशी झरोके हवेत. पत्र्याऐवजी मधे फोम भरलेलं पॅनेल टाकलं की उष्णता बरीच अडते. त्यावर सोलर बसवलं तर सावली मिळते आणि वीजही. एसी लावायचाच, तर हवा कापडी डक्टमधून हळूहळू झिरपत आली पाहिजे.

किल्लारीनंतर आपल्याकडे छत म्हटलं की भूकंप आठवतो, ते साहजिकच आहे. भूकंपाचा जोर वजनाच्या प्रमाणात लागतो, त्यामुळे स्टीलच्या ट्रसवरचं हलकं छत त्या बाबतीत बरं. पण हलक्या छताला वळवाचं वारं खालून उचलू पाहतं. तिथे बोल्ट आणि पायाची पकड महत्त्वाची.

राहिला 'बहुउद्देशीय' हा शब्द. प्रदर्शनाचे स्टॉल, लोखंडी मांडव, हजारभर खुर्च्या एकदा त्या लाकडावरून ओढल्या की काय उरतं? पण भाडं तर त्यातूनच येतं, आणि वीजबिल त्याच भाड्यातून भरायचं असतं. म्हणून पुढच्या वेळी अंदाजपत्रक हाती आलं, तर मी आधी दोन ओळी शोधेन : फ्लोअर झाकायचं आवरण आणि दरमहा विजेचा खर्च.