स्टॅम्प आहे, सह्या आहेत. मग लग्नाआधीचा करार कोर्ट का मानत नाही?

हातकणंगले तालुक्यात लग्न ठरलं की याद्या होतात. दोन्हीकडची जाणती माणसं बसतात. जेवणाचा खर्च कोणाचा, दागिने कोणी किती घालायचे हे कागदावर उतरतं आणि खाली सह्या होतात. आपल्याकडचा लग्नाआधीचा करार तो हाच. काही ठिकाणी, विशेषतः दुसऱ्या लग्नात, ५०० रुपयांच्या स्टॅम्पवर आणखी एक ओळ लिहून घेतली जाते: पटलं नाही तर मुलगी पोटगी मागणार नाही.

ही ओळ कोर्टात टिकत नाही. नोटरीचा शिक्का असला तरी नाही.

१८७२ च्या करार कायद्याचं कलम २३ सांगतं की, सार्वजनिक धोरणाच्या विरोधातला करार रद्दबातल असतो. हे 'सार्वजनिक धोरण' म्हणजे काय, ते मात्र कायद्यात लिहिलेलं नाही. ते न्यायाधीश ठरवतात, आणि काळ बदलला की उत्तरही बदलतं.

१९०१ मध्ये कलकत्ता हायकोर्टापुढे घरजावयाचा करार आला. कायम सासूच्या घरी राहीन, असं नवऱ्यानं लग्नाआधी लिहून दिलं होतं. पुढे तो बाहेर पडला आणि बायकोनं आपल्याकडे नांदायला यावं म्हणून कोर्टात गेला. नवरा राहील तिथे बायकोनं राहायचं, या त्या काळच्या समजुतीवर कोर्टानं करार बाजूला ठेवला. १९१२ मध्ये मुंबई हायकोर्टात एका मुस्लिम पत्नीच्या हातातला कागद असाच निरुपयोगी ठरला. दुसरं लग्न करताना नवऱ्यानं तिला लिहून दिलं होतं की, पुढे पटलं नाही तर ठरलेली रक्कम देईन. हा करार विभक्त होण्याला उत्तेजन देतो, असं कोर्टाचं म्हणणं पडलं. म्हणजे कागद बाईच्या बाजूचा होता तेव्हाही तो गेलाच.

२०१८ मध्ये याच तत्त्वानं उलट काम केलं. पत्नीनं पोटगीचा हक्क स्वखुशीनं सोडला असला, तरी तसा करार लागू करता येणार नाही, असा निकाल मुंबई हायकोर्टानं दिला. तो कागद लग्नानंतरच्या तडजोडीचा होता. पण तर्क आधीच्या कागदालाही तितकाच लागू पडतो. बाई उघड्यावर पडू नये म्हणून पोटगी आहे. ती सहीनं सोडता येत नाही. आणि 'स्वखुशी' म्हणताना हेही विचारायला हवं की, याद्यांच्या बैठकीत नवरी स्वतः कितीदा बसलेली असते?

मुलांच्या ताब्याचंही तसंच. आईबापांनी काहीही लिहून ठेवलं तरी कोर्ट मुलाचं हित बघतं.

यादीत हुंडा ठरला असेल, तर १९६१ च्या हुंडाबंदी कायद्याच्या कलम ५ नुसार तो करार रद्दच. पण कलम ६ फारसं कोणाला माहीत नसतं: दिला गेलेला हुंडा सासरच्यांचा होत नाही, तो त्या मुलीला परत करावा लागतो. शिवाय १९८५ च्या नियमांनुसार लग्नातल्या भेटवस्तूंची, दोघांच्या सह्यांची यादी ठेवायची असते. स्त्रीधन मागायची वेळ आली, तर हीच यादी आणि सोनाराची पावती पुरावा ठरते. दोन्हींचे फोटो मुलीच्या मोबाइलमध्ये असू द्यावेत.

शेजारच्या गोव्यात वेगळं चित्र आहे. तिथे पोर्तुगीज काळापासूनच्या नागरी संहितेनुसार मालमत्ता कशी ठेवायची, हे लग्नाआधी नोंदणीकृत दस्तानं ठरवता येतं. नंतर ते बदलता येत नाही. काहीच ठरवलं नाही, तर मालमत्ता दोघांची सामाईक.

आपल्याकडे तशी तरतूद नाही. दुसरं लग्न करताना पहिल्या मुलांसाठी घर किंवा यंत्रमाग राखायचा असेल, तर मृत्युपत्र किंवा नोंदणीकृत बक्षीसपत्र करावं. तेही फक्त स्वतःच्या वाट्यापुरतं.